पोट मुलीचं दुखतं आणि डॉक्टर म्हणतात, सगळं घर घेऊन जा

रामबागवाला, इंदूर

नमस्कार मंडळी. जरा लांबचं लिहितोय, चहा घेऊन बसा.

रामबागेत आमचं जुनं घर. घरात चौघं: मी (४२), बायको शाळेत शिकवते, मुलगी सातवीत, आणि आई ७१ वर्षांची. बाबा जाऊन तीन वर्षं झाली. मी पीथमपूरला एका कंपनीच्या अकाउंट्समध्ये आहे. सकाळी सव्वासातला बस, घरी यायला संध्याकाळचे सात.

दिवाळीनंतर मुलीचं पोट दुखायला लागलं. सोमवार ते शनिवार, सकाळी साडेसहाला. रविवारी नाही. रविवारी छप्पन दुकानावर, म्हणजे इथल्या खाऊगल्लीत, नेलं तर माझ्या ताटातलंही खाते. शाळेत काही झालं असेल म्हणून बाईंना भेटलो, तिथं सगळं ठीक. सोनोग्राफी, रक्त, लघवी, सगळं स्वच्छ. मुलांच्या डॉक्टरांनी मग आम्हाला बाहेर बसवलं आणि तिच्याशी दहा मिनिटं बोलले. तिनं काय सांगितलं ते तिला विचारूनच आम्हाला सांगितलं. डॉक्टरांनी विचारलं होतं, घरात तुला काय काम असतं? ती म्हणाली, "सांगायचं काम." म्हणजे? "आजीचं आईला, आईचं आजीला, आणि बाबा आले की दोघींचं बाबांना."

डॉक्टर म्हणाले, औषध लिहून देत नाही, फॅमिली थेरपी करणाऱ्या कोणाकडे तरी सगळे जा.

आधी मला रागच आला. आमच्या घरात दारू नाही, मारझोड नाही. भांडण तर होतच नाही. आणि हे अगदी खरं आहे, होत नाही. आमची पद्धत अशी. भाजी तिखट झाली तर आई बायकोला बोलत नाही. ती पुण्याला ताईला फोन लावते. ताई मला दुपारी डबा खाताना फोन लावते, "आईला तिखट सोसत नाही रे आता." मी रात्री बायकोला म्हणतो, जरा मिरच्या बेतानं. ती विचारते, आईंनी सांगितलं? मी म्हणतो, छे, मलाच वाटलं. हे खोटं आहे ते तिला कळतं. मग सकाळी ती मुलीला पाठवते, "आजीला विचार, त्यांच्यापुरती वेगळी भाजी काढून ठेवू का." स्वयंपाकघरापासून देवघर मोजून बारा पावलं आहे, आणि निरोप पुण्याहून पीथमपूरमार्गे येऊन राहिलाय.

दुसरा विषय दाराचा. आमच्या खोलीत आईचं गोदरेजचं कपाट आहे, बाबांच्या वेळचं. पहाटे साडेपाचला ती येते, कपाट उघडते, दोन मिनिटं खुडबुड करते, जाते. बायको दचकून उठते. एकदा कडी लावली तर आई दोन दिवस जेवताना खाली मान घालून होती. "ह्या घरात दारं कधी लागली नाहीत," एवढंच म्हणाली, तेही माझ्याकडं बघून.

तर विचारायचं हे की तिथं नेमकं होतं काय? समोर बसवून कोण चुकलं ते ठरवतात का? कारण तसं असेल तर मला संध्याकाळी त्याच दोघींबरोबर त्याच घरात यायचंय. आईला कसं न्यायचं? विषय काढला तर म्हणाली, "मी वेडी आहे का?" आणि भाषेचं काय? इथं बहुतेक सगळे हिंदीत बोलणारे. आईचं हिंदी भाजीवाल्यापुरतं चोख आहे, पण मनातलं बोलायची वेळ आली की ती मराठीशिवाय अडते.

कोणी प्रत्यक्ष गेलं असेल तर सांगा. ऐकीव नको.

—

लष्करकर, ग्वाल्हेर

रामबागवाले, राग मानू नका, वयानं मोठा आहे म्हणून लिहितो. ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या आमच्या घरात अकरा माणसं होती. बोलायचं कसं ते पैसे देऊन कोणी शिकलं नाही. मोठे काका संध्याकाळी ओट्यावर बसायचे, ज्याची तक्रार त्यानं सांगायची, काका निकाल द्यायचे, विषय संपला. हे थेरपी वगैरे परदेशातून आलेलं, तिकडं घरं मोडतात म्हणून तिकडं लागतं. आणि आपल्याकडं एकदा मानसिक हा शब्द लागला की पुढं पोरीच्या लग्नापर्यंत लोक विसरत नाहीत.

पोरीला ओवा-हिंग द्या. आणि ताईचा फोन दुपारी उचलू नका.

—

सुदामानगरची, इंदूर

काका, तुमचा शेवटचा सल्ला लाख मोलाचा आहे. आम्हाला तो समजायला चार बैठका आणि चार हजार रुपये लागले.

रामबागवाले, आम्ही गेलो होतो. दोन वर्षं झाली. पाच महिन्यांत नऊ बैठका, एकेक तासाची. आम्ही पाचजण: सासू-सासरे, नवरा, मी आणि दीर. दीर तेव्हा २६ चा, पीएससीची, म्हणजे सरकारी नोकरीच्या परीक्षेची, तयारी करून राहिला होता, भंवरकुआला क्लास. दुसऱ्यांदा प्रीलिम्स गेली तेव्हा सासरे काहीतरी बोलले, तेव्हापासून बापलेकांत बोलणं बंद. सात महिने. तो ताट खोलीत नेऊन जेवायचा.

भाषेचं आधी सांगते. आमच्या काउन्सेलर बाई हिंदीभाषी, पण लहानपण बुऱ्हाणपूरला मराठी शेजारात गेलेलं. त्या हिंदीत विचारायच्या, सासूबाई मराठीत उत्तर द्यायच्या, कोणाचं काही अडलं नाही. फोन करताना सरळ विचारा, "मराठी समजतं का." बोलता आलंच पाहिजे असं नाही, समजलं तरी पुरे.

पहिल्या दिवशी खोलीत सहा-सात खुर्च्या होत्या, बाई म्हणाल्या, कुठंही बसा. बसलो. सासूबाई दोन्ही मुलांच्या मधे. सासरे दाराजवळ, जणू गाडी लागलीय आणि हॉर्न वाजला की निघायचंय. मी कोपऱ्यात, पर्स मांडीवर. बाई काही बोलल्या नाहीत, पण तिसऱ्या बैठकीत त्यांनी सासूबाईंना विनंती केली की जरा खुर्ची बदलता का, मला बापलेकांना समोरासमोर बघायचंय. खुर्ची बदलायला सासूबाईंना पाच मिनिटं लागली. गुडघा, पंखा, पदर, सगळं आडवं आलं.

कोण चुकलं हे एकदाही ठरलं नाही. मी ठरावं म्हणून गेले होते, खोटं कशाला बोलू. माझी यादी तयार होती.

त्याऐवजी त्यांनी मोठ्या कागदावर घराचा नकाशा काढला. पुरुषाला चौकोन, बाईला गोल, तीन पिढ्या. दोघांचं पटत नसेल तर मधे नागमोडी रेघ. दिराच्या आणि सासऱ्यांच्या मधे ती काढली. मग सासऱ्यांना विचारलं, तुमचं आणि तुमच्या वडिलांचं? ते म्हणाले, तीच रेघ काढा. रेल्वेची नोकरी घेतली, दुकान सांभाळलं नाही, म्हणून वडील सहा वर्षं बोलले नव्हते. हे दिराला माहीत नव्हतं. माझ्या नवऱ्यालाही नव्हतं. त्या दिवशी गाडीत कोणी रेडिओ लावला नाही.

प्रश्नही वेगळेच असायचे. "तुम्हाला काय वाटतं" हा कमी. जास्त करून असं: हे दोघं गप्प झाले की घरात सगळ्यात आधी कोणाला कळतं? मग ती व्यक्ती काय करते? ती काही करते तेव्हा तिसरा काय करतो? चौघांनीही बोट माझ्याकडं केलं. वहिनी. मलाच आधी कळतं, मीच दिराला जाऊन सांगते बाबांचं तसं म्हणणं नव्हतं, मीच सासऱ्यांना सांगते त्याला वाईट वाटलंय. मला तर ह्याचा अभिमान होता. माझ्यामुळं घर चालून राहिलंय असं मी माहेरी सांगत असे.

बाई म्हणाल्या, पुढचा आठवडा तुम्ही निरोप पोचवायचा नाही. कोणी दिला तर म्हणायचं, "तुम्हीच सांगा ना." बस.

तो आठवडा मी विसरणार नाही. तीन दिवस घर आणखी बिघडलं. सासूबाई माझ्यावर चिडल्या, नवरा म्हणाला एवढं ताणू नकोस. मी बाथरूममध्ये जाऊन तोंड दाबून बसायचे. चौथ्या दिवशी नर्मदेच्या पाण्याचा दिवस. आमच्याकडं एक दिवसाआड येतं, मोटर वेळेवर लावली नाही तर टाकी रिकामी. मी मुद्दाम गच्चीवर गेले. सासऱ्यांनी दोनदा मला हाक मारली, एकदा सासूबाईंना. मग दिराच्या दाराशी जाऊन म्हणाले, "पाणी येऊन राहिलंय. मोटर लाव." सात महिन्यांतलं पहिलं वाक्य. तो उठला, लावली. बाकी काही नाही. कोणी कोणाच्या गळ्यात पडलं नाही.

आता तुमच्या दाराबद्दल. आमच्याकडंही हाच विषय, फक्त कपाटाऐवजी माझ्या नावानं आलेली पार्सलं आणि माझा फोन. बाईंनी चौथ्या बैठकीत "मर्यादा" हा शब्द वापरला. सासूबाई एकदम ताठ बसल्या. "हेच तर मी म्हणते! सुनेनं मर्यादेत राहावं." मी कपाळाला हात लावला. बाई हसल्या आणि तो शब्द त्यांनी पुन्हा वापरला नाही. त्यांनी सासूबाईंना विचारलं, घरात अशी कुठली वेळ आहे का, जेव्हा तुम्हाला कोणी हात लावू नये, हाक मारू नये असं वाटतं? त्या लगेच म्हणाल्या, "सोवळ्यात असते तेव्हा." मग कोणी जवळ आलं नाही तर तुम्हाला ते परकं वाटतं का? "छे, त्यात परकं काय? पूजा झाली की मी आहेच." बाई गप्प राहिल्या. आम्ही सगळे गप्प. थोड्या वेळानं सासूबाईच म्हणाल्या, "म्हणजे हिच्या खोलीचं सोवळं."

आता घरात हा शब्द रूढ झालाय. दिराच्या अभ्यासाचं सोवळं, सासऱ्यांच्या क्रिकेटचं सोवळं. माझ्या फोनचंही.

सगळं सुटलं असं समजू नका. सहाव्या बैठकीला सासरे आलेच नाहीत, म्हणाले बोलून बोलून डोकं दुखतं. बाईंनी चौघांनाच घेतलं. पार्सलं सासूबाई अजून फोडतात, फक्त आता फोडल्यावर सांगतात. दिराची पीएससी अजून झालेली नाही. पण ठरलंय असं की रविवारी पोहे झाल्यावर सासऱ्यांनी अभ्यासाबद्दल एक प्रश्न विचारायचा, एकच, आणि त्यानं खरं उत्तर द्यायचं. दुसरा प्रश्न आला की सासूबाई कढई आपटतात.

आईंना कसं न्यायचं? "तुम्हाला दाखवायला" असं चुकूनही म्हणू नका. नातीसाठी तुमची मदत हवीय म्हणा. ते खरंही आहे.

—

सूरसागरकाठ, बडोदे

मी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट, म्हणजे मानसोपचार करणारी मानसशास्त्रज्ञ आहे, बडोद्यात काम करते. कोणाला न बघता निदान करता येत नाही, म्हणून साधारणच लिहिते.

रामबागवाले, पहिली गोष्ट, तुमच्या मुलीचं पोट खरंच दुखतं. नाटक आहे असं घरात कोणी म्हणत असेल तर आजच थांबवा. ताणाचा परिणाम आतड्यांवर होतो, आणि मुलांना "मला ताण आहे" म्हणता येत नाही, पोट दुखतंय म्हणता येतं. मुलांच्या डॉक्टरांना मात्र सोडू नका. रात्री दुखण्यानं झोपेतून जाग येणं, वजन घटणं, ताप, शौचातून रक्त, ह्यातलं काही दिसलं तर पुन्हा तपासणी लागते.

दुसरी. तुम्ही जो पुणे-पीथमपूर मार्ग लिहिलात त्याला आमच्या शास्त्रात त्रिकोण म्हणतात. अमेरिकेत मरे बोवेन या मनोविकारतज्ज्ञांनी तो मांडला. दोन माणसांतला ताण असह्य झाला की ती तिसऱ्याला मधे ओढतात. ताण थोडा उतरतो, म्हणून सवय लागते, पण मूळ दोघांचं बोलणं तिथंच राहतं. तुमच्याकडं तिसरी जागा कधी ताई घेते, कधी तुम्ही, आणि उरलेल्या वेळी बारा वर्षांची मुलगी. फॅमिली थेरपीतलेच दुसरे मोठे नाव साल्वादोर मिनुशिन, त्यांनी १९७४ च्या पुस्तकात घरातल्या सीमांबद्दल लिहिलं, त्यातली सगळ्यात महत्त्वाची सीमा मोठी माणसं आणि मुलं यांच्या मधली. मोठ्यांचं ओझं मोठ्यांनी वाहायचं. थेरपिस्टचा पहिला प्रयत्न बहुधा तुमच्या मुलीला त्या कामावरून सुट्टी देण्याचा असेल. ती सुट्टी तुम्हा मोठ्यांना जड जाईल, तिला नाही.

लष्करकर काका, परदेशाबद्दल. बोवेन यांनी १९५० च्या दशकात रुग्णांबरोबर त्यांची कुटुंबंच दवाखान्यात ठेवून घेतली, तिकडं त्याची मोठी चर्चा झाली. त्याच दशकात अमृतसरच्या मनोरुग्णालयात डॉ. विद्यासागर यांनी रुग्णांच्या घरच्यांसाठी आवारात तंबू ठोकले होते. घरचे तिथंच राहायचे, सेवा करायचे, डॉक्टरांशी बोलायचे. बंगळुरूच्या निमहान्स या मानसिक आरोग्याच्या राष्ट्रीय संस्थेत आजही कुटुंबासाठी वेगळा विभाग आहे. घरच्यांना बरोबर घेणं आपल्याला परकं नाहीच.

निवडताना: क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट असेल तर भारतीय पुनर्वास परिषदेची नोंदणी विचारा, त्यात राग येण्यासारखं काही नाही. कुटुंबांबरोबर काम करायचं प्रशिक्षण कुठं घेतलं तेही विचारा. एकट्याशी बोलणं आणि पाच जणांशी एकत्र बोलणं ही दोन वेगळी कौशल्यं. आणखी एक प्रश्न लोक विचारत नाहीत: घरातल्या एकानं मागून फोन करून गुपित सांगितलं तर तुम्ही काय करता? ज्यांच्याकडं ह्याचं स्पष्ट उत्तर नाही, ते लवकरच तुमच्या ताईच्या जागी जाऊन बसतात. गोपनीयतेचा हक्क २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्यात आहे, तेव्हा लग्नापर्यंत कोणी विसरणार नाही ही भीती निदान दवाखान्यापुरती तरी सोडा. कुठं जायचं तेच कळत नसेल तर टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या फोनसेवेचा १४४१६ हा सरकारी नंबर आहे, पैसे लागत नाहीत, भाषा निवडता येते. तिथं थेरपी होईलच असं नाही, रस्ता कळतो.

एक मात्र ठळक लिहिते, रामबागवाल्यांसाठी नाही, वाचणाऱ्यांसाठी. घरात मारहाण असेल, किंवा कोणी कोणाला घाबरत असेल, तर सगळ्यांनी एकत्र बसायचं नाही. खोलीत खरं बोललेलं घरी गेल्यावर महागात पडतं. तिथं आधी सुरक्षितता. महिलांसाठी १८१ ही हेल्पलाइन आहे, घरगुती हिंसाचाराविरुद्धचा २००५ चा कायदा आहे. थेरपिस्टला हे पहिल्याच फोनवर एकट्यानं सांगा.

सुदामानगरची, तुमच्या सासूबाईंचं "खोलीचं सोवळं" वाचून मी दोनदा हसले. पण माझ्या तोंडून तो शब्द निघणार नाही. त्या शब्दानं कितीतरी माणसं दाराबाहेर उभी राहिलीत.

—

सुदामानगरची, इंदूर

खरंय ताई. माझ्या आजोळी बायकांना चार दिवस बाहेर बसवायचे ते त्याच शब्दापायी, मीही बसलेय. म्हणूनच त्या दिवशी मी एकदम काही बोलले नाही. पण तो शब्द सासूबाईंनी स्वतः शोधला होता, बाईंनी दिलेला नव्हता. दुसरा कोणी दिला असता तर त्यांनी पाळला नसता. दीर हल्ली "डू नॉट डिस्टर्ब" म्हणतो, ते त्यांना कळत नाही.

—

लष्करकर, ग्वाल्हेर

अमृतसरचं मला माहीत नव्हतं.

ओट्यावरच्या निकालांचं लिहिलं, त्यात एक राहिलं. आमच्या धाकट्या काकू ओट्यावर कधी आल्या नाहीत. बायका येत नसत. निकाल मात्र निम्मे त्यांच्याबद्दलच असायचे. आज दुपारी हे आठवलं, म्हणून लिहिलं.

ओवा-हिंगावर मी ठाम आहे.

—

रामबागवाला, इंदूर

सात आठवड्यांनी परत आलो. सगळ्यांचे आभार, कोणाला वेगळं उत्तर देता आलं नाही.

तीन बैठका झाल्या. आई "नातीसाठी" म्हटल्यावर लगेच तयार झाली, वर नवी साडी नेसली. पहिल्या दिवशी तासभर एसीबद्दल सोडून काही बोलली नाही. काउन्सेलर उज्जैनचे आहेत, मराठी समजतं.

दुसऱ्या बैठकीत त्यांनी मुलीला सांगितलं, आजपासून तुझी सांगायची नोकरी सुटली, राजीनामा लिही. तिनं खरंच लिहिला, वहीच्या पानावर, "आदरणीय घरचे" असं वर. फ्रिजवर लावलाय. गेल्या आठवड्यात पोट दोन दिवस दुखलं. आधी सहा दिवस दुखायचं. अजून दुखतं.

मिरच्यांचं. परवा जेवताना आई बायकोला म्हणाली, "तिखट झालंय." बायको म्हणाली, "बरं." मी आणि मुलगी ताटातच बघत राहिलो. एवढंच झालं, पण हे वाक्य पुण्याला न जाता आलं. ताई मात्र नाराज आहे. म्हणते, मला आता घरातलं कोणी काही सांगत नाही. तिला काय सांगायचं ते अजून सुचलेलं नाही. चौथ्या बैठकीत तिला व्हिडिओवर घ्यायचं ठरतंय.

कपाटाचं सगळ्यात वेगळं निघालं. काउन्सेलरनी आईला विचारलं, पहाटे तिथं काय असतं? मला वाटलं होतं कागदपत्रं, बँकेची पासबुकं. आई म्हणाली, "ह्यांचा कोट आहे." रोज पहाटे ती तो बघायला येत होती. बाबा साडेपाचला फिरायला निघायचे, कोट घालून. तीन वर्षं मला कळलं नाही, आणि बायको तीन वर्षं दचकून उठत होती. बायको तिथंच म्हणाली, "आई, कपाट तुमच्या खोलीत नेऊ या का?" हे तिनं आईला विचारलं, मला नाही.

तोवर आई दार वाजवून येते. म्हणजे वाजवणं आणि उघडणं एकाच वेळी होतं, पण वाजवते.

कपाट भरलेलं आहे आणि जिन्याचं वळण अरुंद, चार माणसं लागतील. येत्या रविवारी सकाळी नऊला हलवायचंय. रामबागेच्या आसपास कोणी असाल तर या, पोहे-जिलबी आमच्याकडून. तिखट बेतानं असेल.